मध्यस्थीला जा ताई, पण राजीनाम्यावर सही करू नका

प्रश्न : मी यवतमाळ जिल्ह्यातल्या एका खेड्यात, शंभर टक्के अनुदानित माध्यमिक शाळेत 2003 पासून शिक्षिका होते. 2019 मध्ये संस्थेने चौकशी न करता मला काढून टाकलं. अमरावतीच्या शाळा न्यायाधिकरणाने मागील पगारासह कामावर घेण्याचा आदेश दिला. त्याविरुद्ध संस्था उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात गेली आणि आता कोर्टाने प्रकरण मध्यस्थीसाठी पाठवलं आहे. सेक्रेटरी म्हणतात, आठ लाख घ्या, राजीनामा द्या. गावातली मंडळीही मिटवून टाका म्हणतात. काय करू?

उत्तर : ताई, मध्यस्थीला जरूर जा. तिथे बोललेलं गोपनीय राहतं. समेट झाला नाही तर मध्यस्थ कोर्टाला तेवढंच कळवतो. कोण आडून बसलं, कोण किती रकमेवर आलं, हे न्यायमूर्तींपर्यंत जात नाही. याचिका होती तिथून पुढे चालते आणि न्यायाधिकरणाचा आदेश तुमच्या हाती राहतो. म्हणून नाही म्हणायला घाबरू नका.

तुमचं खरं नुकसान राजीनाम्यात आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 प्रमाणे राजीनामा दिला की आधीची सेवा निवृत्तिवेतनासाठी धरली जात नाही. तुमची नेमणूक 1 नोव्हेंबर 2005 च्या आधीची, म्हणजे जुन्या पेन्शनची. काढून टाकल्यानंतरचा काळ सेवेत धरला गेला तर 2023 मध्येच तुमची वीस वर्षं भरली. नोकरी सोडायचीच असेल तर त्या सेवेवर स्वेच्छानिवृत्ती मागता येते. जन्मभराच्या पेन्शनपुढे आठ लाख म्हणजे काहीच नाही. ‘नव्याने नेमणूक देतो’ असं म्हणाले तरी सावध राहा, त्यातही जुनी सेवा जाते. करारात ‘सेवा अखंडित धरून पुनःस्थापना’ (म्हणजे त्याच जागी परत कामावर घेणं) असंच लिहिलेलं हवं.

दुसरी गोष्ट बऱ्याच जणांच्या ध्यानात येत नाही. तुमचा पगार सरकार देतं. तुम्ही आणि संस्थेने आपसात काहीही ठरवलं तरी ते शिक्षणाधिकाऱ्यांवर आपोआप बंधनकारक होत नाही. त्यांची बाजू न ऐकता समेट झाला, तर उद्या वेतनपथक (पगाराची बिलं मंजूर करणारं सरकारी कार्यालय) बिल परत पाठवेल आणि तुम्ही पुन्हा कोर्टाची पायरी चढाल. तेव्हा सरकारी वकिलांना बोलावण्याचा आग्रह धरा आणि समेट खंडपीठापुढे ठेवून त्यावर आदेश घ्या. तुमच्या जागी दुसरं कुणी घेतलं असेल, तर संचमान्यतेत (शाळेला सरकारने मंजूर केलेल्या पदांत) पद आहे का, हेही आधीच पाहून ठेवा.

पगाराच्या थकबाकीत थोडं मागेपुढे करायला माझी हरकत नाही. लवकर कामावर रुजू होण्यालाही किंमत आहे. पण भीक मागितल्यासारखं बोलू नका. महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या प्रकरणात 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, की बेकायदा काढलेल्या कर्मचाऱ्याला पूर्ण मागील पगार हाच सर्वसाधारण नियम. मधल्या काळात तुम्ही दुसरीकडे पगारी काम केलं नसेल, तर ते शपथेवर सांगा. मग कमाई होती हे दाखवण्याची जबाबदारी संस्थेवर येते. मजुरी वा शिकवण्या केल्या असतील तर तेही लपवू नका. रक्कम हप्त्यांनी ठरली तर तारखा लिहून घ्या आणि एक हप्ता चुकला तर उरलेली सगळी रक्कम व्याजासह देय होईल, असं कलम टाका. याचिकेत स्थगिती घेताना संस्थेने कोर्टात पैसे भरले असतील, तर ते कुणी काढायचे हेही लिहा.

घरी येऊन कुणी स्टॅम्पपेपर पुढे केला, मग तो सरपंच असो की नात्यातला, तर सही नाही. कोऱ्या कागदावर तर नाहीच. जे काही ठरेल ते मध्यस्थीच्या खोलीत, तुमच्या वकिलांसमोर.

वकिलांची फी जड जात असेल तर विधी सेवा प्राधिकरण कायदा, 1987 च्या कलम 12 प्रमाणे महिलेला उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो. तारखेच्या आधीच तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज द्या. सोबत नेमणूक आदेश, शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता, सेवापुस्तकाची प्रत आणि न्यायाधिकरणाचा निकाल जोडा. सेवापुस्तक संस्था देत नसेल, तर शिक्षणाधिकारी कार्यालयात माहितीच्या अधिकारात आजच मागा.