न दिसलेल्या शब्दाविषयी एका विद्यार्थिनीस

चि. विद्यार्थिनीस,

अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र आणि सोबतचा प्रबंधिकेचा आराखडा दोन्ही मिळाले. जाणिवेच्या उंबरठ्याखालून दाखवलेल्या शब्दाचा माणसाच्या पसंतीवर काय परिणाम होतो, हा विषय एम. ए.च्या दुसऱ्या वर्षाला तू धाडसाने निवडलास, हे मला आवडले. मात्र आराखड्याच्या आठ पानांपैकी जवळजवळ सात पाने परिणाम कसा मोजायचा यावर खर्च झाली आहेत आणि शब्द प्रयुक्ताला, म्हणजे ज्याच्यावर प्रयोग करायचा त्या माणसाला, खरोखरच दिसला नाही हे कशावरून ठरवणार, यासाठी तू एकच वाक्य लिहिले आहेस: "प्रयोगानंतर विचारले जाईल." मला जे सांगायचे आहे ते सारे या एका वाक्याविषयीच आहे, तेव्हा पत्र लांबले तर कंटाळू नकोस.

प्रस्तावनेत तू जेम्स व्हिकरीच्या प्रयोगाला आधारस्तंभ म्हटले आहेस. तो खांब आधी काढून टाक. 1957 मध्ये या अमेरिकन बाजार-संशोधकाने पत्रकार परिषद घेऊन जाहीर केले की न्यू जर्सीतल्या फोर्ट ली इथल्या चित्रपटगृहात त्याने सहा आठवडे, दर पाच सेकंदांनी, सेकंदाच्या तीन हजाराव्या भागापुरते 'पॉपकॉर्न खा' आणि 'कोका-कोला प्या' हे संदेश पडद्यावर चमकवले. पॉपकॉर्नचा खप निम्म्याहून अधिक वाढला आणि कोका-कोलाचा 18 टक्क्यांच्या आसपास, असा त्याचा दावा होता. वर्तमानपत्रांत गहजब झाला, लोक घाबरले, जाहिरात व्यवसायातल्या काहींना मात्र गुदगुल्या झाल्या. प्रयोगाची पद्धत किंवा मूळ आकडे त्याने कधीच रीतसर प्रसिद्ध केले नाहीत आणि 1962 मध्ये 'अ‍ॅडव्हर्टायझिंग एज' या नियतकालिकाला दिलेल्या मुलाखतीत, हाती आलेली माहिती अर्थ काढण्याजोगी नव्हती आणि सारा प्रकार धंदा वाढवण्याची क्लृप्ती होती, हे त्याने कबूल केले. पाठ्यपुस्तकांतून ही कबुली गळते आणि खपाचे आकडे तेवढे शिल्लक राहतात, ही जुनीच खोड आहे.

त्या काळातली एक चाचणी मात्र मला फार बोलकी वाटते. 1958 मध्ये कॅनडाच्या सीबीसी या सार्वजनिक दूरचित्रवाणीने रविवारच्या एका कार्यक्रमात 'आत्ता फोन करा' हा संदेश 352 वेळा चमकवला. काहीतरी संदेश दडवला आहे एवढेच प्रेक्षकांना ठाऊक होते. फोनची संख्या वाढली नाही. नंतर पत्रे मात्र ढिगाने आली आणि त्यांत बऱ्याच जणांनी कार्यक्रम पाहताना आपल्याला भूक किंवा तहान लागल्याचे लिहिले. व्हिकरीची बातमी त्यांच्या कानांवर आलेली होती, म्हणजे काम केले ते अपेक्षेने. पडद्यावरचा शब्द नुसताच चमकून गेला.

याचा अर्थ सगळे थोतांड आहे असा काढशील तर तीही घाईच ठरेल. व्हिकरीच्या कितीतरी आधी, 1884 च्या सुमारास, अमेरिकन तत्त्वज्ञ चार्ल्स पर्स आणि त्यांचे विद्यार्थी जोसेफ जॅस्ट्रो यांनी स्वतःवरच प्रयोग करून पाहिले. बोटावरच्या दाबात अत्यंत सूक्ष्म फरक करायचा आणि कोणता दाब जास्त आहे ते सांगायचे, शिवाय आपल्या उत्तराविषयी किती खात्री वाटते तेही शून्य ते तीनमध्ये नोंदवायचे, अशी रीत होती. खात्री शून्य, म्हणजे नुसता अंदाज ठोकला असे जिथे वाटत होते, तिथेही उत्तरे पाचांत साधारण तीन वेळा बरोबर येत होती. जाणीव 'काही कळले नाही' म्हणत असताना हात मात्र काहीतरी जाणत होता. पुढे 1980 मध्ये कुन्स्ट-विल्सन आणि झायन्स यांनी अनियमित अष्टकोनी आकृत्या केवळ एक-एक मिलिसेकंद दाखवल्या. नंतर आधी दाखवलेली आणि नवी अशी जोडी समोर ठेवली, तेव्हा जुनी आकृती ओळखण्यात लोक नाणेफेकीच्या पातळीवरच राहिले (48 टक्के), पण यांपैकी कोणती आवडते असे विचारल्यावर साठ टक्के वेळा जुन्या आकृतीकडे बोट गेले.

'सबलिमिनल' या शब्दातल्या 'लायमेन' या लॅटिन शब्दाचा अर्थच मुळी उंबरठा असा आहे. आपल्याला वाटते की घराच्या उंबरठ्यासारखाच हाही असेल: एक पाऊल अलीकडे किंवा पलीकडे, मध्ये काही नाही. मनाचा उंबरठा तसा नसतो. तोच शब्द, तेवढाच वेळ, त्याच मुलीला एका खेपेस दिसतो आणि पुढच्या खेपेस दिसत नाही. पापणी लवते, लक्ष हलते, खोलीतला प्रकाश बदलतो. तेव्हा उंबरठा म्हणजे पन्नास टक्के वेळा ओळखता येण्याची पातळी, असे मानसभौतिकीत, म्हणजे संवेदना मोजण्याच्या शास्त्रात, मानले जाते ते सोयीसाठी. ती सोय आहे हे विसरलीस, तर पन्नास टक्के वेळा प्रयुक्ताला शब्द दिसतो आहे हेही विसरशील.

आता माझी फजिती सांगते. मीही तुझ्याएवढीच उत्साही असताना महाविद्यालयाच्या संगणक-कक्षात असाच एक प्रयोग मांडला होता. 'पाणी', 'चहा', 'मीठ' असे शब्द पडद्यावर दोन फ्रेमपुरते दाखवायचे आणि लगेच त्यांवर मास्क, म्हणजे शब्द झाकून टाकणारी दुसरी आकृती, आणायचा. पडदा सेकंदाला 60 वेळा ताजा होत असेल तर एक फ्रेम सुमारे 17 मिलिसेकंदांची, म्हणजे दोन फ्रेमचे झाले 33. मास्क म्हणून मी इंग्रजी शोधनिबंधांत होती तशीच एक्स या अक्षराची ओळ घेतली. विसाव्या की एकविसाव्या फेरीनंतर मागच्या संगणकावरची मुलगी सहज म्हणाली, "मॅडम, शब्द कळत नाही, पण मध्येच वेलांटी दिसते." मी खुर्ची ओढून तिच्याजवळ बसले आणि पाहिले, तर खरेच होते. एक्सची ओळ अक्षराचा मधला भाग झाकत होती. शिरोरेखेवरची वेलांटी आणि काही शब्दांतला खालचा उकार उघडाच राहत होता. दिलेल्या आठ शब्दांत वेलांटीचे शब्द दोनच, म्हणजे ज्याला वेलांटी दिसली त्याने अर्धे उत्तर आधीच पाठ केले. त्या दिवसापर्यंत गोळा केलेल्या नोंदी मी बाजूला ठेवल्या आणि मास्क नव्याने बनवला: देवनागरीचेच तुकडे, मात्रा, वेलांट्या, उकार आणि जोडाक्षरांचे अवशेष एकमेकांवर टाकलेले. तुझ्या आराखड्यात मास्कच्या जागी पुन्हा एक्सचीच ओळ पाहिली आणि मला ती मुलगी आठवली.

पडद्याच्या बाबतीतही भोळी राहू नकोस. प्रोग्रॅममध्ये 33 लिहिले म्हणून पडद्यावर 33 मिलिसेकंदच दिसते असे नाही. एलसीडीच्या ठिपक्यांना रंग बदलायला वेळ लागतो आणि जुन्या शब्दाची सावली रेंगाळते. भौतिकशास्त्र विभागातून एक फोटोडायोड (प्रकाश टिपणारा छोटा संवेदक) मागून घे आणि प्रत्यक्ष वेळ मोज.

मुख्य मुद्दा म्हणजे तुझे ते एक वाक्य. शेवटी "तुम्हाला काही दिसले का?" असे विचारलेस की माणूस "नाही" म्हणतो, कारण अंधूक दिसलेले तो हिशेबात धरत नाही किंवा चुकण्याला लाजतो. म्हणून प्रत्येक प्रयुक्ताकडून वेगळी सक्तीची निवड करून घे: दोन शब्द समोर ठेव आणि आत्ता चमकला तो कोणता, हे अंदाजाने का होईना सांगायला लाव. अशा फेऱ्या दहा-बारा नकोत. शंभराच्या घरात असाव्यात. फेऱ्या कमी असतील तर थोडे दिसणाराही निव्वळ नशिबाने नाणेफेकीच्या पन्नास टक्क्यांपाशी येतो, आणि 'न दिसणारे' म्हणून तू ज्यांना वेगळे काढशील त्यांत असे अनेक जण शिरतात. मग त्यांच्यावर झालेला परिणाम नेणिवेच्या खात्यावर जमा होतो, जरी तो सरळसरळ दिसल्यामुळे झालेला असला तरी. मानसशास्त्रज्ञ डेव्हिड शँक्स यांनी 2017 मध्ये हा सापळा नीट उलगडून दाखवला आहे. माझ्या मते या विषयातल्या निम्म्या चमत्कारांचे उत्तर तिथेच आहे.

हे सगळे पाळूनही परिणाम दिसतो, पण तो लहान असतो आणि फार लवकर विरतो. ग्रीनवॉल्ड आणि सहकाऱ्यांनी 1996 मध्ये दाखवले की न दिसलेल्या शब्दाने पुढच्या शब्दाचे 'चांगला की वाईट' असे वर्गीकरण सोपे किंवा अवघड होते ते दोहोंमधले अंतर सेकंदाच्या दहाव्या भागाच्या आत असेल तोवरच. त्याच गटातले 2000 चे निरीक्षण तर मला आजही गमतीचे वाटते. 'स्मट' आणि 'बाइल' हे दोन ओंगळ अर्थाचे इंग्रजी शब्द लोकांकडून वारंवार 'वाईट' म्हणून वर्गवून घेतले आणि मग त्यांच्याच अक्षरांच्या तुकड्यांतून जुळणारा 'स्माइल' हा शब्द लपवून चमकवला, तर तो वाईट शब्दासारखा वागला! उंबरठ्याखाली वाचणारे जे कोणी आहे, ते अर्थ लावत नाही, ओळखीचे तुकडे वेचते. पूर्ण वाक्याची आज्ञा त्याला कळून माणूस दुकानाकडे चालू लागेल, ही कल्पना इथेच लंगडी पडते.

वर्तनावरचा परिणाम तुला हवाच असेल तर कॅरेमान्स आणि सहकाऱ्यांचा 2006 चा डच अभ्यास मुळातून वाच. त्यांनी 'लिप्टन आइस' हे नाव 23 मिलिसेकंद, अनेकदा, चमकवले. ज्यांना आधीच तहान लागली होती त्यांनी नंतर तेच पेय अधिक निवडले. तहान नसलेल्यांवर फारसा परिणाम नाही. पुढच्या अभ्यासात असेही आढळले की ज्यांचे नेहमीचे पेय तेच आहे, त्यांना या ढकलण्याने काही फरक पडत नाही. प्रयुक्त मोजके होते, म्हणून मी या निकालांवर घर बांधणार नाही, पण तर्क पटतो. शब्द तहान निर्माण करत नाही, लागलेल्या तहानेला एक नाव सुचवतो. तेव्हा प्रयुक्तांनी जेवण, चहा, पाणी कधी घेतले याची नोंद ठेव, नाहीतर दुपारी बाराची तुकडी आणि तीनची तुकडी यांतच तुझा सगळा परिणाम निघेल.

आराखड्यातला आणखी एक गोंधळ. 'म्हातारपण' सुचवणारे शब्द वाचून विद्यार्थी हळू चालू लागले, हा 1996 चा बार्ग यांचा प्रयोग तू उंबरठ्याखालच्या उद्दीपनाचा म्हणून दिला आहेस. तिथे शब्द स्पष्ट दिसत होते, विस्कटलेल्या वाक्यांतून लोक ते स्वतः जुळवत होते. त्यांना कळला नाही तो शब्दांचा आपल्या चालण्याशी असलेला संबंध. उद्दीपक न दिसणे आणि उद्दीपकाचा प्रभाव न उमजणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि दुकानातले संगीत, मांडणी, वास हे सारे दुसऱ्या प्रकारात मोडते. शिवाय 2012 मध्ये ब्रुसेल्समध्ये डॉयेन आणि सहकाऱ्यांनी स्टॉपवॉचऐवजी अवरक्त संवेदकांनी चालण्याचा वेग मोजला, तेव्हा तो परिणाम दिसला नाही. प्रयोग घेणाऱ्यालाच 'हे हळू चालतील' असे आधी सांगितले, तेव्हा मात्र तो दिसला. म्हणून तुझे प्रयोग तुझ्या मैत्रिणीने घ्यावेत आणि कोणत्या गटाला कोणता शब्द आहे हे तिला ठाऊक नसावे.

धाकट्या भावाविषयी विचारलेस. एमपीएससीची तयारी करताना तो रात्री कानात लावून झोपतो ती 'स्मरणशक्ती वाढवणारी सबलिमिनल' ध्वनिफीत नवी नाही. तिचे कॅसेटमधले पूर्वज 1991 मध्येच तपासले गेले आहेत. ग्रीनवॉल्ड, स्पॅन्जेनबर्ग, प्रॅट्कानिस आणि एस्केनाझी यांनी स्मरणशक्तीच्या आणि आत्मसन्मानाच्या कॅसेटी पाच आठवडे ऐकायला दिल्या आणि निम्म्यांवरची लेबले गुपचूप अदलाबदल केली. आतल्या संदेशाने कशातच फरक पडला नाही. पण सुमारे निम्म्या लोकांना लेबलावर जे लिहिले होते तेच आपल्यात सुधारल्यासारखे वाटले. भावाची झोपमोड होत नसेल तर त्याच्याशी वाद घालू नकोस. होत असेल तर मात्र हेडफोन काढायला लाव, कारण पाठांतर पक्के व्हायला झोप लागते, हे पुष्कळ भक्कम पुराव्याने सिद्ध आहे.

प्रयोगानंतर प्रत्येकाला काय दाखवले होते ते सांगायचे आणि हवे तर त्याच्या नोंदी काढून टाकायच्या, हे संमतिपत्रात आधीच लिही. न सांगता दाखवण्याच्या प्रयोगात ही गोष्ट मार्गदर्शकांवर सोडू नये.

शब्दांची यादी तयार झाली की मला पाठव, आणि सोबत मास्कचा छापील नमुना पाठवायला विसरू नकोस. वेलांट्या झाकल्या जातात की नाही, ते मी आधी पाहीन.

तुझी,
मॅडम