अमेरिकेतल्या कॉलेजचा ग्रॅज्युएशन रेट ६४ टक्के असेल, तर उरलेली ३६ टक्के मुलं नापास होतात का?

नाही. ‘यंदा निकाल ६४ टक्के लागला’ असं आपण म्हणतो, तसा हा आकडा वाचू नका. आपल्याकडे परीक्षेला बसलेल्यांपैकी पास किती ते मोजतात. तिथे एक तुकडी धरून ती शेवटपर्यंत मोजत नेतात.

१९९० च्या फेडरल कायद्याने हा हिशेब कॉलेजांवर बंधनकारक केला. पदवीसाठी पहिल्यांदाच कॉलेजात आलेली, पूर्णवेळ शिकणारी मुलं घ्यायची आणि त्यांतल्या किती जणांनी त्याच कॉलेजातून दीडपट मुदतीत, म्हणजे चार वर्षांच्या पदवीसाठी सहा वर्षांत, पदवी घेतली ते पाहायचं. दुसऱ्या वर्षानंतर कॉलेज बदलून वेळेत पदवी मिळवलेलं मूल जुन्या कॉलेजच्या खात्यात ‘अपूर्ण’ दिसतं आणि नव्याच्या खात्यात धरलंच जात नाही.

तुमचा ६४ हा आकडा जवळजवळ देशाच्या सरासरीइतकाच आहे. २०१४ च्या तुकडीत सरकारी कॉलेजांचा दर ६३ टक्के होता, ना-नफा खाजगी कॉलेजांचा ६८ आणि नफ्यासाठी चालणाऱ्यांचा २९. या शेवटच्या गटातलं कॉलेज असेल तर मी पुढची चौकशीसुद्धा करणार नाही.

फी दरवर्षी भरायची असल्याने तुमच्या कामाचा आकडा चार वर्षांचा. ‘कॉलेज नेव्हिगेटर’ या सरकारी साइटवर कॉलेजचं नाव टाकलं की चार आणि सहा वर्षांचे दर शेजारी शेजारी दिसतात. दोन्हींत मोठी तफावत असेल तर कारण विचारा. काही ठिकाणी ते निरुपद्रवी असतं: ड्रेक्सेलसारख्या विद्यापीठात नोकरीच्या सत्रांसह पाच वर्षांचा अभ्यासक्रमच असतो.

एरवी वेळ जातो तो क्रेडिटच्या गणितात. क्रेडिट म्हणजे प्रत्येक विषय पूर्ण केल्यावर खात्यात जमा होणारे एकक; पदवीला साधारण १२० लागतात. एफ-१ या विद्यार्थी व्हिसासाठी आणि ‘पूर्णवेळ’ म्हणवून घ्यायला सत्राला १२ पुरतात, म्हणून मुलं १२ च घेतात. चार वर्षांच्या आठ सत्रांत झाले ९६. उरलेल्या २४ क्रेडिटसाठी त्याच वेगाने आणखी एक वर्ष, म्हणजे आणखी एक वर्षाची फी. सत्राला १५ हवेत, नाहीतर उन्हाळी सत्रात भरून काढायचे.

दुसरा घोळ पूर्वअटींचा. इंजिनिअरिंगमध्ये कॅल्क्युलसचा पहिला पेपर सोडला की दुसरा अडतो, मग त्यावर अवलंबून असलेले विषय. त्यातला एखादा वर्षातून एकाच सत्रात शिकवत असतील, तर एका पेपरापायी अख्खं वर्ष पुढे जातं. आपल्या एटीकेटीसारखं पुढच्या वर्गात बसून मागचा विषय काढू म्हटलं तर ते तिथे सहसा जमत नाही. मेजर, म्हणजे पदवीचा मुख्य विषय, उशिरा बदललं किंवा कम्युनिटी कॉलेजातून (दोन वर्षांच्या स्थानिक कॉलेजातून) आलं, तर जुने क्रेडिट एकूण बेरजेत धरले तरी मेजरच्या अटींत बसतीलच असं नाही. प्रवेशाआधी लेखी विचारायचं ते हेच: एकूण किती धरणार आणि मेजरसाठी किती.

शिक्षण लांबणार हे दिसलं तर आय-२० वरची, म्हणजे व्हिसासाठी कॉलेजने दिलेल्या प्रवेशाच्या दाखल्यावरची, शेवटची तारीख उलटण्यापूर्वी मुदतवाढ मागावी लागते. त्यासाठी ठोस शैक्षणिक किंवा वैद्यकीय कारण लागतं. कमी गुणांमुळे प्रोबेशनवर (कॉलेजच्या ताकिदीखाली) होतो, हे कारण चालत नाही. म्हणून तिसऱ्या वर्षाच्या सुरुवातीलाच मुलाला सल्लागाराकडून उरलेल्या क्रेडिटची यादी काढून घ्यायला सांगा.