बाबांची जुनी ईमेल

प्रश्न : बाबा १९९८ पासून ईमेलसाठी युडोरा हा प्रोग्राम वापरायचे. अमेरिकेतल्या आत्याशी त्यांचा सगळा पत्रव्यवहार त्यातच. बाबा आता नाहीत. युडोराचं फोल्डर मात्र एका सीडीवर सापडलं. एका साइटवरचं 'डाउनलोड'चं मोठं हिरवं बटण दाबलं, तर भलतंच काहीतरी इन्स्टॉल झालं. खरं युडोरा कुठे मिळेल?
– एक वाचक, सातारा

उत्तर : ते भलतंच आधी काढून टाका आणि अँटिव्हायरसने कॉम्प्युटर तपासून घ्या. मग सीडीवरचं फोल्डर जसंच्या तसं उतरवून घ्या, पेन ड्राइव्हवरही एक प्रत ठेवा. इतक्या जुन्या सीडीचा भरवसा नाही.

पत्रं नुसती वाचायची तर युडोरा लागतच नाही. 'इन' (आलेली पत्रं) आणि 'आउट' (पाठवलेली) नावाच्या एमबीएक्स, म्हणजे नावाच्या शेवटी .mbx असलेल्या, फाइली शोधा आणि प्रतीतली एक नोटपॅडमध्ये उघडा. युडोरा पत्रं साध्या मजकुरातच साठवायचं. प्रत्येक पत्राच्या डोक्यावर 'फ्रॉम ???@???' अशी ओळ आणि तारीख दिसेल, त्याखाली पत्र. माझ्या काकांची अशी फाइल मी उघडली, तर पहिलंच वाक्य रोमन अक्षरांत आलं : 'पाऊस अजून नाही, विहीर तळाला गेली.' तेव्हा मराठी तशीच टाइप करायचो आपण. त्या वाक्यापुढे मला बराच वेळ सरकता आलं नाही.

फोटो मात्र पत्रात नसतात. ते 'अटॅच' नावाच्या फोल्डरमध्ये जायचे. तेही सीडीवर आहे का, बघा.

बाबांना दिसायचं तसंच सगळं बघायचं असेल, तर जुने प्रोग्राम जपून ठेवणाऱ्या इंटरनेट आर्काइव्ह या साइटवर युडोरा शोधा. विंडोजसाठीची ७.१.०.९ ही शेवटची आवृत्ती घ्या. 'युडोरा लाइट १.५' घेऊ नका. ती १६ बिटची, म्हणजे जुन्या विंडोजसाठीची असेल, तर आजच्या ६४ बिट विंडोजवर चालणार नाही. कॅलिफोर्नियातल्या कॉम्प्युटर हिस्टरी म्युझियमने २०१८ मध्ये खुला केला तो युडोराचा सोर्स कोड, तयार प्रोग्राम नव्हे. त्याच्या वाटेला जाऊ नका. उतरवलेली फाइल व्हायरसटोटल या व्हायरस तपासणाऱ्या साइटवर तपासा, इंटरनेट बंद करून चालवा, आणि आजच्या ईमेलचा पासवर्ड त्यात अजिबात घालू नका.

'आउट' रिकामी निघाली, तर धीर सोडू नका. पाठवलेल्या पत्राची प्रत ठेवायची की नाही, हे युडोरात ज्याचं त्याने ठरवायचं असे. आत्यांना आजच फोन करा. बाबांची पत्रं त्यांच्या 'इन'मध्ये असतील.