केसपेपरवरची एक ओळ आणि नामंजूर झालेला मेडिक्लेम

प्रश्न : माझ्या यजमानांना फेब्रुवारी २०२५ मध्ये रात्री अडीच वाजता हार्ट अ‍ॅटॅक आला. अँजिओप्लास्टी झाली, बिल २ लाख ३८ हजार. मेडिक्लेम ऑगस्ट २०२१ पासून आहे, एकही हप्ता चुकलेला नाही. 'दहा वर्षांपासून बीपी होता, तो फॉर्ममध्ये लपवला' असं सांगून कंपनीने क्लेम नामंजूर केला. बीपी निघाला डिसेंबर २०२३ मध्ये. तोवर ते दर गणेशोत्सवात मंडळाच्या शिबिरात रक्तदान करायचे. पत्र येऊन दोन महिने झाले. एजंट म्हणतो, आता काही होत नाही. खरंच का?
— एक भगिनी, कराड

उत्तर : ताई, एजंटचं ऐकू नका. तुमची लढाई अजून सुरूही झालेली नाही.

आधी हे 'दहा वर्षं' आलं कुठून ते शोधा. मी तेवीस वर्षं क्लेम खात्यात काम केलं. अशा बहुतेक पत्रांच्या मुळाशी इनडोअर केसपेपरवरची, म्हणजे दाखल असताना हॉस्पिटल ठेवतं त्या नोंदीतली, एकच ओळ असते. मध्यरात्री पेशंट आत जातो आणि बाहेर उभ्या असलेल्या भावाला किंवा दिराला ड्युटीवरचा शिकाऊ डॉक्टर विचारतो, बीपी किती दिवसांपासून? घाबरलेला माणूस तोंडाला येईल ते सांगतो. कधी 'दहा महिने'चं 'दहा वर्षं' होतं. मग तीच ओळ डिस्चार्ज कार्डावर उतरते, तिथून टीपीएच्या (कंपनीसाठी क्लेम तपासणाऱ्या मधल्या संस्थेच्या) अहवालात आणि शेवटी नामंजुरीच्या पत्रात. चार कागदांवर दिसते म्हणून ती चार पुरावे होत नाही.

नोकरीच्या सुरुवातीला अशाच एका ओळीवर मी नकाराची टिपणी लिहिली होती. पंधरवड्याने त्या पेशंटची बायको पिशवीभर औषधांच्या चिठ्ठ्या घेऊन आली. पहिली गोळी ज्या तारखेला लिहून दिली होती, ती पॉलिसीनंतरची निघाली. फाइल पुन्हा उघडली, पैसे दिले. ती पिशवी मी विसरलेले नाही.

म्हणून तुम्हीही तशी पिशवी भरा. हॉस्पिटलकडे संपूर्ण इनडोअर केसपेपरची प्रत लेखी मागा. मेडिकल कौन्सिलच्या २००२ च्या नियमांप्रमाणे मागणीनंतर ७२ तासांत ती द्यावी लागते. आजाराचा इतिहास कुणी सांगितला, हे त्यात लिहिलंय का पाहा. ज्या डॉक्टरांनी डिसेंबर २०२३ मध्ये बीपी पहिल्यांदा पकडला, त्यांच्याकडून तारखेसह दाखला घ्या. पहिल्या चिठ्ठीची आणि औषधाच्या बिलाची झेरॉक्स जोडा. आणि ताई, रक्तदानाचं तुम्ही ओघात लिहिलंत, पण तुमच्या हातातला सगळ्यात चांगला कागद तोच ठरू शकतो. रक्त घेण्याआधी बीपी मोजून फॉर्मवर लिहितात. रक्तपेढीकडे २०२१ च्या आधीच्या नोंदी मागा. मात्र जुन्या केसपेपरवर खाडाखोड करून घेऊ नका. डॉक्टरांना दुरुस्ती करायची असेल तर त्यांनी वेगळं पत्र द्यावं.

आता अर्ज. पहिला कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे, लेखी, पोच घेऊन. त्यात दोन गोष्टी विचारा. पॉलिसीच्या कोणत्या कलमाखाली क्लेम नाकारला? आणि नकाराला समितीची मान्यता होती का? मे २०२४ च्या विमा नियामकाच्या परिपत्रकानुसार कंपनीच्या अंतर्गत समितीच्या मान्यतेशिवाय आरोग्य विम्याचा क्लेम नाकारता येत नाही. माहिती लपवली हे सिद्ध करायचं ओझंही कंपनीवरच आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये ते पुन्हा स्पष्ट केलंय.

महिनाभरात उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर एका वर्षाच्या आत विमा लोकपालांकडे, म्हणजे विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारींवर निवाडा देणाऱ्या अधिकाऱ्यांकडे, जा. सातारा जिल्ह्यासाठी पुण्याचं कार्यालय. तक्रार ऑनलाइनही करता येते. पॉलिसी यजमानांच्या नावावर आहे, म्हणून सही त्यांचीच हवी. ५० लाखांपर्यंतचे दावे तिथे चालतात. कागद पूर्ण झाल्यापासून तीन महिन्यांत निवाडा व्हायला हवा. तो कंपनीवर बंधनकारक असतो, तुमच्यावर नाही. नाही पटला तर ग्राहक आयोगाचं दार उघडं आहे. निवाडा तुमच्या बाजूने लागूनही कंपनीने ३० दिवसांत पाळला नाही, तर तिला तुम्हाला दिवसाला ५,००० रुपये द्यावे लागतात.

एक गोष्ट स्पष्टच विचारते. २०२१ च्या आधी बीपीची गोळी खरंच सुरू नव्हती ना? असेल तर लपवू नका, कारण मग बाजू कमकुवत होते आणि मांडणी वेगळी करावी लागते. कमरेचा जुना आजार सांगितला नाही म्हणून हृदयविकाराने गेलेल्या माणसाच्या वारसांचा आयुर्विम्याचा दावा नाकारणं चूक आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये म्हटलंय. पण बीपीचा हृदयाशी संबंध नाही, असं म्हणणं अवघड आहे.

तोपर्यंत नूतनीकरणाचा हप्ता थांबवू नका. रागाने पॉलिसी सोडणारे खूप पाहिलेत. अखंड ६० महिने पूर्ण झाले की, फसवणूक सिद्ध केल्याशिवाय, माहिती लपवल्याच्या कारणावरून कंपनीला क्लेम नाकारता येत नाही. तुमचे ते ऑगस्ट २०२६ मध्ये पूर्ण होतात.

प्रश्न : आमचा क्लेम 'लोकपालांकडून काढून देतो' म्हणून एक जण रकमेच्या पंचवीस टक्के मागतोय. द्यावेत का?
— एक वाचक, मिरज

उत्तर : एक रुपयाही देऊ नका. लोकपालांकडे फी नाही, आणि वकील किंवा एजंट तिथे तुमच्या वतीने उभा राहू शकत नाही. बोलायचं तुम्हालाच आहे. साध्या मराठीत, तारखांच्या क्रमाने एक पान लिहा आणि तेच समोर ठेवून बोला. फक्त त्याच क्लेमची केस आधी ग्राहक आयोगात टाकू नका. ती चालू असेल तर लोकपाल तक्रार घेत नाहीत.