‘ड्रिफ्टर्स’ खरा किती, रचलेला किती?

मूक काळातले मच्छीमारांवरचे माहितीपट बघायला सुरुवात कुठून करू, आणि ‘ड्रिफ्टर्स’मधलं सगळं खरंच तसं घडलं होतं का, असं तुम्ही विचारलंय. सुरुवात ‘ड्रिफ्टर्स’नेच करा. पण सगळं तसं घडलेलं नाही.

ब्रिटिश दिग्दर्शक जॉन ग्रिअर्सनचा हा १९२९चा सिनेमा, उत्तर समुद्रातल्या हेरिंगच्या मासेमारीवरचा. (हेरिंग म्हणजे आपल्या तारलीच्या कुळातला मासा.) पाण्याखालचे मासे दिसतात ते प्लिमथच्या सागरी संशोधन केंद्रातल्या टाकीतले. बोटीच्या आतली खोली शेटलंड बेटांवरच्या लर्विकला किनाऱ्यावर उभारलेली, कारण खऱ्या केबिनमध्ये तेव्हाच्या कॅमेऱ्याला पुरेल एवढा उजेडच नव्हता. पण जाळं ओढण्याचा भाग बघा, तो अस्सल आहे. आपल्या कोळ्यांच्या डोल जाळ्यासारखं हे जाळं एका जागी बांधलेलं नसतं. रात्री पाण्यात भिंतीसारखं सोडतात, बोट आणि जाळं दोन्ही प्रवाहाबरोबर वाहतात आणि वर आलेला मासा कल्ल्याशी अडकतो. पहाटे वाफेचं यंत्र दोर खेचतं, तरी जाळं आत घेऊन मासा झटकायचं काम माणसांच्याच हातांनी. हलत्या डेकवर, खाऱ्या पाण्याचे सपकारे खात कॅमेरामन बेझिल एमटने हे टिपलंय. मला तरी सगळ्या सिनेमात तेवढाच भाग पुन्हा पुन्हा बघावासा वाटतो.

टाकीतल्या माशांपेक्षा मला खटकतं ते वेगळंच. सिनेमाला पैसा ब्रिटिश सरकारच्या एम्पायर मार्केटिंग बोर्डाचा, म्हणजे साम्राज्याचा माल खपवायला काढलेल्या खात्याचा. विषयही हेरिंगच, कारण तिजोरी खात्याचे मंत्री आर्थर सॅम्युअल यांनी हेरिंगवर पुस्तक लिहिलं होतं. पैशासाठी त्यांचं मन वळवायचं होतं! पहिल्या महायुद्धानंतर रशिया-जर्मनीची गिऱ्हाइकं तुटून हा धंदा खचला होता. पडद्यावर मात्र नुसता वाफेचा आणि पोलादाचा जोश. घाम दिसतो, पण खलाशाच्या पदरात काय पडलं ते कळत नाही.

१० नोव्हेंबर १९२९ला लंडनच्या फिल्म सोसायटीत तो सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनश्टाइनच्या ‘बॅटलशिप पोटेम्किन’बरोबर दाखवला गेला. ‘ड्रिफ्टर्स’मधल्या दृश्यांच्या जुळवणीवर आयझेनश्टाइनची छाप उघड आहे, त्यामुळे दोन्ही लागोपाठ बघितलेत तर उत्तम.

मग जाँ एप्स्टाइनचा त्याच वर्षीचा ‘फिनिस तेरे’ घ्या. फ्रान्समधल्या ब्रिटनीच्या बेटांवर समुद्री शेवाळ गोळा करून जाळणाऱ्यांची ती रचलेली गोष्ट आहे, पण कामं तिथल्याच लोकांनी केली आहेत. माणसांचे चेहरे बघायचे असतील, तर तो सरस.