तिजोरी कुणाची, खर्च कुणाचा? वाचकांचे प्रश्न

केंद्र, राज्य, महापालिका आणि ग्रामपंचायत यांच्यातल्या पैशाच्या वाटणीबद्दल आलेल्या पत्रांतले पाच प्रश्न या वेळी घेतले आहेत. वाटपाची टक्केवारी जिथे येते तिथे ती पंधराव्या वित्त आयोगाची (केंद्राचा पैसा राज्यांना आणि स्थानिक संस्थांना कसा वाटायचा हे सुचवणारा आयोग), म्हणजे २०२१ ते २०२६ या काळातली आहे.

केंद्राच्या करातले ४१ टक्के राज्यांना मिळतात असं वाचतो. मग पेट्रोलवरच्या केंद्राच्या करातलेही ४१ टक्के राज्यांना मिळतात का? (नाशिक)

नाही. ४१ टक्के हा वाटा केंद्राच्या सगळ्या वसुलीवर नसतो, फक्त ‘विभाज्य निधी’वर, म्हणजे राज्यांबरोबर वाटून घ्यायच्या करांवर असतो. उपकर (ठरावीक कामासाठी लावलेला कर) आणि अधिभार (मूळ करावर लावलेला जादा कर) हे दोन्ही राज्यघटनेच्या कलम २७० नुसार त्या निधीच्या बाहेर आहेत. पेट्रोल हे याचं सगळ्यात स्वच्छ उदाहरण.

एप्रिल २०२५ च्या वाढीनंतर पेट्रोलवर केंद्राचं उत्पादन शुल्क लिटरमागे २१.९० रुपये झालं. त्याचे चार तुकडे असे: मूळ उत्पादन शुल्क १.४० रुपये, विशेष अतिरिक्त शुल्क (हा अधिभारच) १३ रुपये, कृषी पायाभूत सुविधा उपकर २.५० रुपये आणि रस्ते व पायाभूत सुविधा उपकर ५ रुपये. यातला फक्त पहिला तुकडा विभाज्य. १.४० रुपयांचे ४१ टक्के म्हणजे ५७ पैसे, आणि ते सगळ्या राज्यांना मिळून. महाराष्ट्राचा त्यातला हिस्सा ६.३१७ टक्के, म्हणजे लिटरमागे साडेतीन पैशांच्या जरा वर. पूर्ण २१.९० रुपये विभाज्य असते तर हाच आकडा ५७ पैशांच्या आसपास गेला असता.

म्हणून कुठल्याही अर्थसंकल्पानंतर ‘कर वाढला’ एवढ्यावर थांबू नका. वाढ मूळ दरात झाली की उपकरात, ते बघा. मूळ दर कमी करून तेवढाच उपकर वाढवला तर ग्राहकाला फरक कळत नाही, राज्याच्या वाट्याला मात्र कात्री लागते. केंद्राचं म्हणणं असं की उपकराचा पैसा रस्त्यांसारख्या कामांतून राज्यांतच खर्च होतो. खर्च होतो हे खरं. पण कुठे आणि कशावर हे दिल्ली ठरवते. वाट्याचा पैसा राज्य आपल्या मर्जीने वापरतं. भांडण त्या मर्जीचं आहे.

राज्यही साळसूद नाही. महाराष्ट्राचा पेट्रोलवरचा व्हॅट जुलै २०२४ पासून २५ टक्के अधिक लिटरमागे ५.१२ रुपये असा आहे. यातला टक्केवारीचा भाग केंद्राचं शुल्क धरून झालेल्या किमतीवर लागतो. केंद्राने शुल्क २ रुपयांनी वाढवलं आणि ते पंपावरच्या दरात उतरलं, तर राज्याला बोट न हलवता लिटरमागे ५० पैसे जास्त मिळतात. एप्रिल २०२५ ची वाढ तेल कंपन्यांनी सोसली, पंपावरचा दर हलला नाही, म्हणून तेव्हा तसं घडलं नाही.

महाराष्ट्र सगळ्यात जास्त कर भरतो आणि परत मात्र सहा-सात टक्केच मिळतात. हा अन्याय नाही का? (ठाणे)

आधी आकडा नीट लावू. ६.३१७ टक्के हा राज्यांच्या वाट्यातला हिस्सा आहे. विभाज्य निधीत १०० रुपये जमले तर राज्यांना ४१ आणि त्यातले महाराष्ट्राला २ रुपये ५९ पैसे. उत्तर प्रदेशाचा हिस्सा १७.९३९ टक्के, म्हणजे ७ रुपये ३५ पैसे. गोव्याचा ०.३८६ टक्के.

आता ‘भरतो’ या शब्दाकडे. देशाच्या प्रत्यक्ष करांपैकी एक तृतीयांशाहून जास्त वसुली महाराष्ट्रात दिसते. पण कंपनी कर भरते ती जिथे तिची कर-नोंद असते तिथे. मुंबईत मुख्य कार्यालय असलेल्या बँकेचा नफा पाटण्यातल्या कर्जदारानेही मिळवून दिलेला असतो. हा सगळा आकडा महाराष्ट्राच्या घामाचा म्हणून मिरवणं सोपं आहे, बरोबर नाही.

केंद्राचा कर कुठल्या राज्यातून किती वसूल झाला, याकडे आयोगाचं सूत्र पाहतच नव्हतं. पंधराव्या आयोगाचे निकष असे होते: दरडोई उत्पन्नातलं अंतर ४५ टक्के, २०११ ची लोकसंख्या १५, क्षेत्रफळ १५, लोकसंख्या नियंत्रणातली कामगिरी १२.५, वने व पर्यावरण १० आणि राज्याचे स्वतःचे करवसुलीचे प्रयत्न २.५. निम्म्याच्या जवळ भार एकट्या ‘अंतरा’वर होता: राज्य जितकं गरीब, तितका वाटा मोठा. हेतू हा की बिहारमधल्या प्राथमिक आरोग्य केंद्राचा दर्जा बिहारच्या करक्षमतेवर लटकू नये. हेतू योग्य आहे, पण आमच्या मते करवसुलीच्या प्रयत्नांना दिलेले २.५ टक्के फारच थोडे होते.

एक गोष्ट तक्रारीत सहसा येत नाही. चौदाव्या आयोगात महाराष्ट्राचा हिस्सा ५.५२१ टक्के होता, पंधराव्यात तो वाढला. मोठा फटका बसला कर्नाटकाला: ४.७१३ वरून ३.६४७.

चंदगडहून बेळगाव जवळ, म्हणून खरेदी तिथे करतो. आमचा जीएसटी कर्नाटकाला जातो का? (चंदगड)

बिलावर काय लिहिलंय त्यावर ते ठरतं. जीएसटी वस्तू जिथे वापरली जाते त्या राज्याला मिळावा असं तत्त्व आहे. २०,००० रुपयांच्या फोनवर १८ टक्क्यांनी ३,६०० रुपये कर होतो. दुकानदाराने नेहमीचं काउंटर बिल केलं तर त्यावर सीजीएसटी १,८०० आणि एसजीएसटी १,८०० असे दोन आकडे येतात, पहिला केंद्राचा, दुसरा कर्नाटकाचा. ऑनलाइन मागवून चंदगडला पोचवला तर बिलावर आयजीएसटी (दोन राज्यांमधल्या विक्रीवरचा जीएसटी) ३,६०० असा एकच आकडा येतो आणि त्यातला निम्मा पुढे महाराष्ट्राकडे वळता होतो.

१ ऑक्टोबर २०२३ पासून नियम आणखी सरळ झाला. जीएसटी नोंदणी नसलेल्या ग्राहकाच्या बिलावर पत्ता असेल तर त्या पत्त्याचं राज्य धरायचं. नुसतं राज्याचं नाव लिहिलं तरी पुरतं. पत्ता नसेल तर दुकानदाराचं राज्य. काउंटरवर पत्ता कुणी सांगत नाही, कुणी विचारतही नाही. दोन्हीकडे ग्राहकाच्या खिशातून जातात तेवढेच ३,६०० रुपये.

जकात गेली तेव्हा मुंबई महापालिकेला भरपाईचं आश्वासन होतं. ते संपलं का? (दादर)

दोन भरपाया आहेत, त्यांची गल्लत होते. पहिली जीएसटी आल्यावर केंद्राने राज्यांना दिलेली: २०१५-१६ हे पायाभूत वर्ष, दरवर्षी १४ टक्के वाढीची हमी, मुदत पाच वर्षं. ती जून २०२२ मध्ये संपली. दुसरी जकातीसारखे कर गेल्याबद्दल राज्याने आपल्या महापालिकांना द्यायची, २०१७ च्या राज्य कायद्याखाली. ती दर महिन्याला मिळते आणि दरवर्षी ८ टक्के चक्रवाढीने वाढते. जुलै २०१७ मध्ये मुंबईला मिळालेला पहिला हप्ता सुमारे ६४७ कोटींचा होता. केंद्राची भरपाई थांबली तरी ही चालूच राहिली.

८ टक्के चक्रवाढ म्हणजे १०० चे पाच वर्षांत १४७. महागाई आणि शहराची वाढ मिळून त्याच्या आत राहिली तर महापालिका फायद्यात, बाहेर गेली तर तोट्यात. पण खरी हानी आकड्यात दिसत नाही. जकात नाक्यावरचा पैसा महापालिकेचा स्वतःचा होता, दर ती ठरवत होती. आता तीच रक्कम राज्याच्या तिजोरीतून येते. उरला मालमत्ता कर. त्यातही मुंबईतल्या ५०० चौरस फुटांपर्यंतच्या घरांना १ जानेवारी २०२२ पासून माफी मिळाली. माफी राज्याच्या कायद्याने आली आणि खड्डा महापालिकेच्या अंदाजपत्रकात पडला.

आमच्या ग्रामपंचायतीच्या खात्यात वित्त आयोगाचे पैसे पडून आहेत आणि गावात रस्ता नाही. सदस्य विचारतात, पैसे असून काम का नाही? (ग्रामपंचायत सदस्य, जुन्नर तालुका)

कारण ते सगळे पैसे रस्त्याचे नाहीत. वर्षाला १० लाख आले तर ४ लाख अबंधित, म्हणजे गावाच्या गरजेनुसार वापरायचे, आणि ६ लाख बंधित, म्हणजे ठरवून दिलेल्या कामांचेच. बंधितातले ३ लाख स्वच्छतेसाठी, म्हणजे घनकचरा, सांडपाणी, हागणदारीमुक्त स्थिती टिकवणं. ३ लाख पिण्याचं पाणी, पावसाच्या पाण्याचं संकलन आणि पाण्याचा पुनर्वापर यांसाठी. रस्ता, पथदिवे, शाळेची दुरुस्ती हे सगळं अबंधित ४ लाखांतून. पगार आणि आस्थापना खर्च त्यातूनही चालत नाही. एका बाजूची गरज पूर्ण भागली असेल तर तो निधी दुसऱ्या बंधित बाजूला वापरता येतो, मात्र ग्रामसभेने तसं प्रमाणित करावं लागतं आणि वरच्या यंत्रणेने त्यावर शिक्कामोर्तब करावं लागतं. पाण्याचे पैसे पेव्हर ब्लॉकला लावले तर लेखापरीक्षणात आक्षेप येतो आणि वसुली निघते ती सरपंच आणि ग्रामपंचायत अधिकाऱ्यावर (पूर्वीच्या ग्रामसेवकावर).

बंधित पैसाही पडून असेल तर पुढचे टप्पे तपासा. काम ग्रामसभेने मंजूर केलेल्या विकास आराखड्यात आहे का, आणि तो आराखडा ई-ग्रामस्वराज या पंचायतींच्या ऑनलाइन प्रणालीवर चढवला आहे का? आराखड्यात नसलेल्या कामाचं देयक प्रणाली काढूच देत नाही. बहुतेक गाड्या इथेच अडतात, कारण आराखडा घाईत, मागच्या वर्षीची यादी उतरवून केलेला असतो. त्यानंतर अंदाजपत्रक, तांत्रिक मान्यता, प्रशासकीय मान्यता, काम झाल्यावर मोजमाप पुस्तिकेत नोंद. शेवटी पैसे पीएफएमएस या केंद्राच्या ऑनलाइन देयक प्रणालीतून थेट पुरवठादाराच्या खात्यात जातात; त्यासाठी ग्रामपंचायत अधिकारी आणि सरपंच दोघांची डिजिटल स्वाक्षरी लागते. निवडणुकीनंतर सरपंच बदलला की नव्या स्वाक्षरीची नोंदणी होईपर्यंत एक रुपयाही हलत नाही. स्वाक्षरीची मुदत संपली तरी तेच. रोजकीर्द (रोजच्या जमाखर्चाची वही) प्रणालीवर बंद केली नसेल तर पुढची व्हाउचरं अडतात.

पंचायत समिती आणि जिल्हा परिषदेकडे बोट दाखवण्याआधी हेही लक्षात घ्या: या आयोगाच्या निधीतले ८० टक्के ग्रामपंचायतीला आणि त्या दोघांना १०-१० टक्के असं राज्याचं वाटप आहे. निवडून आलेलं मंडळ नसलेल्या संस्थेला हा निधी मिळत नाही. २०२२ पासून अनेक ठिकाणी प्रशासक होते, त्यामुळे वरच्या दोन थरांचा वाटाच अडकला.

हप्ता मुळात उशिरा आला असेल तर केंद्राने राज्याला निधी सोडल्याची तारीख आणि तुमच्या खात्यात जमा झाल्याची तारीख शेजारी शेजारी मांडा. राज्याने मिळालेली रक्कम १० कामाच्या दिवसांत खाली पाठवायची असते. त्यापुढच्या उशिरावर राज्याला व्याजासह रक्कम द्यावी लागते. तारखांत अंतर दिसलं तर ग्रामसभेच्या ठरावासह गटविकास अधिकाऱ्यांकडे लेखी मागणी करा आणि पोच घ्या.