हायकोर्टाची ऑर्डर आहे, पण ऑफिस ढिम्म! कंटेम्प्ट टाकू का?

प्रश्न: नमस्कार वकीलसाहेब, मी रिटायर्ड शिक्षिका. पेन्शनचा फरक अडकलाय म्हणून हायकोर्टात गेले होते, कोर्टाने ऑफिसला सांगितलं की आठ आठवड्यांत माझ्या अर्जावर निर्णय घ्या. त्या ऑर्डरला आता नऊ महिने झाले, तीन चकरा मारल्या, दरवेळी "फाईल वर गेलीय". भाचा म्हणतो कंटेम्प्ट (म्हणजे कोर्टाच्या अवमानाची याचिका) टाक, साहेब जेलमध्ये आणि पैसे दुसऱ्या दिवशी खात्यात. खरंच असं होतं का?

उत्तर: ताई, भाच्याचं अर्धंच बरोबर आहे. आधी ऑर्डरचा शेवटचा पॅरा नीट वाचा, कारण "पैसे द्या" आणि "अर्जावर निर्णय घ्या" यात जमीन-अस्मानाचा फरक असतो. तुमची ऑर्डर दुसऱ्या प्रकारातली, म्हणजे उद्या ऑफिसने "अर्ज फेटाळला" असं एका ओळीचं पत्र दिलं तरी ऑर्डर पाळली असंच ते म्हणणार. तो निर्णय चुकीचा असेल तर त्याच्यावर नवी याचिका करावी लागते, कंटेम्प्टमध्ये ते भांडण चालत नाही, सुप्रीम कोर्टाने १९९६ मध्येच हे सांगितलंय. बऱ्याच लोकांचा मुखभंग होतो तो इथेच.

पण तुमच्याकडे निर्णयच नाही, त्यामुळे केस बनते. फक्त अवमान 'जाणूनबुजून' केला हे दाखवावं लागतं आणि साहेब हमखास म्हणणार की ऑर्डर माझ्यापर्यंत आलीच नाही. त्या तीन चकरांचा कागद आहे का काही? नसेल तर सर्टिफाइड कॉपी जोडून पत्र द्या आणि आपल्या प्रतीवर आवकचा शिक्का घ्या, सही-तारखेसकट. मग वकिलाची नोटीस, ती कायद्याने सक्तीची नाही पण जज विचारतातच की आधी कळवलं होतं का.

मुदतीचं मात्र मनावर घ्या. १९७१ च्या कोर्टाच्या अवमानाबद्दलच्या कायद्याचं कलम २०, अवमान झाल्यापासून एक वर्ष. तुमचे आठ आठवडे संपले तेव्हापासून धरा, म्हणजे साधारण सात महिने गेलेत, पाचच हातात आहेत. स्मरणपत्रं पाठवत राहिलं की मुदत पुढे सरकते असं समजून बसू नका.

जेलचं म्हणाल तर शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. (२,००० चा आकडा १९७१ पासून तोच, महागाई इथे पोचलीच नाही!) मनापासून माफी मागितली तर कोर्ट सोडूनही देतं आणि बहुतेक वेळा होतं ते हेच, नोटीस निघाली की तारखेच्या दोन दिवस आधी महिनोन्‌महिने हरवलेली फाईल सापडते आणि अफिडेव्हिटमध्ये "विनाअट क्षमायाचना". पण नेहमीच सुटतात असं नाही, सॉ मिलच्या परवान्यांवरून सुप्रीम कोर्टाने २००६ मध्ये आपले तेव्हाचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याच्या प्रधान सचिवांना एकेक महिन्याची कैद दिली होती.

अजून एक, याचिकेत नुसतं ऑफिसचं नाव घालून भागत नाही, त्या काळात खुर्चीत कोण होतं त्यांना नावाने पार्टी (प्रतिवादी) करावं लागतं, आणि मध्येच बदली झाली असेल तर घोळ होतो. ते माहिती अधिकारात आजच विचारून ठेवा, उत्तराला ३० दिवस लागतात.